तळघरातला खर्ज

मोबाइलच्या स्पीकरवर एखाद्या जॅझ त्रिकुटाचं रेकॉर्डिंग लावा. पियानो ऐकू येतो, झांजेची चिसचिस ऐकू येते, आणि या दोघांच्या खालून एक जाड, गोल आवाज एकेक पाऊल टाकत चाललेला असतो. तो डबल बेस. आता गंमत अशी, की मोबाइलचा तो इवलासा स्पीकर साधारण ३०० हर्ट्झच्या खाली जवळजवळ मुका असतो, आणि बेसची सगळ्यांत जाड तार मोकळी छेडली तर ती सेकंदाला फक्त ४१ वेळा कंप पावते. स्पीकरमधून जो सूर बाहेर पडतच नाही, तो आपण ऐकतो. नुसता ऐकत नाही, गुणगुणून दाखवू शकतो.

दुसरं कोडं कव्हरवरचं. समजा लावलेला अल्बम क्रिश्चन मॅकब्राइड ट्रायोचा 'लाइव्ह ॲट द व्हिलेज व्हॅनगार्ड' आहे. डिसेंबर २०१४ मध्ये न्यूयॉर्कच्या व्हिलेज व्हॅनगार्ड या क्लबात त्याचं रेकॉर्डिंग झालं आणि २०१५ मध्ये तो बाजारात आला. पियानोवर क्रिश्चन सँड्स, ड्रम्सवर युलिसिस ओवेन्स ज्युनियर, आणि ज्याच्या नावाने हे सगळं चाललंय तो मॅकब्राइड बेसवर. नवख्या श्रोत्याला मात्र पियानो पुढे आणि बेस मागे असंच ऐकू येतं. बहुतेक वेळ मागेच वाजणारा माणूस पुढारी कसा?

ही दोन कोडी वरवर वेगळी दिसतात. एक कानाचं, दुसरं मानपानाचं. पण पहिल्याचं उत्तर हाती आलं की दुसऱ्याचं निम्मं काम होतं.

नसलेला सूर

तार छेडली की ती अख्खी तर हलतेच, पण त्याच वेळी अर्ध्या-अर्ध्या भागांत, तिसऱ्या-तिसऱ्या भागांत, चौथ्या भागांतही हलत असते. म्हणून ४१ हर्ट्झच्या तारेतून ४१ बरोबर ८२, १२३, १६४, २०५ असे वरचे नादही निघतात. संगीतशास्त्राच्या पुस्तकांत यांना सहायक नाद म्हणतात. सुरात लागलेल्या तंबोऱ्यातून कोणी न लावलेला गंधार ऐकू येतो, ज्याला आपण स्वयंभू गंधार म्हणतो, तो यांच्यातलाच एक.

या सगळ्या नादांमधलं अंतर सारखं आहे, प्रत्येक वेळी ४१. आता खालचे पाच-सहा नाद कापून टाकले आणि फक्त वरचे कानावर पडू दिले, तरी मेंदू ते समान अंतर ओळखतो आणि ठरवतो, की हे सगळे ४१ चे सहायक नाद आहेत, तेव्हा मूळ सूर ४१ चाच. मग तो आपल्याला तसाच ऐकू येतो. जुन्या लँडलाइन फोनवर हेच घडायचं. त्या तारेतून ३०० ते ३४०० हर्ट्झ एवढाच पट्टा जात असे, आणि पुरुषाच्या बोलण्याचा मूळ सूर असतो साधारण १०० ते १२० हर्ट्झच्या आसपास. तरीही फोनवर वडिलांचा आवाज वडिलांचाच वाटायचा, चिरका होत नसे.

मोबाइलचा स्पीकर ही चलाखी करतो हे समजण्यासारखं आहे. पण खुद्द डबल बेससुद्धा थोडीफार तीच करतो. ४१ हर्ट्झच्या लहरीची हवेतली लांबी सव्वाआठ मीटरच्या आसपास भरते. बेस उभा केला तर माणसाच्या डोक्याला लागतो, पण सव्वाआठ मीटरची लहर जोराने ढकलायला एवढं खोकं अपुरं आहे. त्यामुळे सर्वांत खालच्या सुरांत मूळ नाद दुबळा असतो, आणि आपल्याला जो भरदार खर्ज वाटतो त्याचा बराचसा भार वरच्या नादांनी उचललेला असतो. समोर बसून ऐकतानाही थोडं काम श्रोत्याचा मेंदूच करतो.

वेळेचाही एक हिशोब आहे. ४१ हर्ट्झ म्हणजे एका कंपनाला २४ मिलिसेकंद. कानाला सूर नक्की ओळखायला एकापेक्षा जास्त कंपनं लागतात. जलद जॅझमध्ये मिनिटाला ३०० मात्रा सहज होतात, म्हणजे एका मात्रेला २०० मिलिसेकंद. त्या अवधीत ही तार जेमतेम आठ हेलकावे घेते आणि तेवढ्यात पुढचा सूर येऊन उभा राहतो. एवढ्या घाईत बेस कळतो तो बोट तारेवरून निसटतानाच्या 'टक्' आवाजामुळे. आधी तो टक् मात्रेची जागा सांगतो, मग मागोमाग सूर येतो. म्हणून चांगला बेसवादक बोटाचं टोक वापरत नाही. उजव्या हाताच्या तर्जनीची कड तारेवर आडवी टेकवून तो तार खेचून सोडतो. मांसल भाग जितका जास्त लागेल तितका सूर भरीव, आणि सोडण्याचा क्षण जितका नेमका तितकी मात्रा ठळक.

चौकट : डबल बेस

उंची सुमारे १.८ मीटर. चार तारा, जाडीपासून बारीकपर्यंत : ४१, ५५, ७३ आणि ९८ हर्ट्झ. प्रत्येक तार खालच्या तारेच्या 'म'वर लावलेली, म्हणजे सा-म, सा-म असं अंतर. पडदे नाहीत, सुराची जागा डाव्या हाताने शोधायची. पाश्चात्त्य वाद्यवृंदात हा मुख्यतः गजाने वाजतो, जॅझमध्ये मुख्यतः बोटांनी. पूर्वी तारा आतड्याच्या असत, त्यांचा सूर लवकर विझे. पोलादी तारा आणि पुढे पिकअप आल्यावर सूर लांब टिकू लागला आणि बेसवर स्वतंत्रपणे गाण्यासारखं वाजवणं सोपं झालं.

पेटीवर करून पाहा

आता मानपानाकडे. घरात पेटी असेल तर पांढरी एकला सा धरा आणि मध्य सप्तकात सा, ग, प या तीन पट्ट्या एकदम दाबून ठेवा. स्थिर, उजळ वाटतं. त्या तीन बोटांना अजिबात न हलवता डाव्या हाताने खाली मंद्र सा दाबा. उजळपणा पक्का झाला. डावा हात उचला आणि त्याऐवजी मंद्र ध दाबा. उजव्या हाताने काहीच बदललेलं नाही, तरी तेच तीन सूर एकदम उदास वाटू लागतात. आता ध सोडून मंद्र म दाबा. उदासी गेली, आणि काहीतरी अर्धवट, मोकळं, पुढे जाऊ पाहणारं राहिलं.

पाश्चात्त्य संगीतात अनेक सूर एकदम वाजवून जो गुच्छ होतो त्याला कॉर्ड म्हणतात. कॉर्डचं नाव, तिचा स्वभाव, ती पुढे कुठे जाणार, हे बरंचसं तिच्या तळाचा सूर ठरवतो. कारण वरच्या परिच्छेदांत आलंच आहे. तळाच्या सुराचे सहायक नाद वरपर्यंत पसरलेले असतात, आणि वर वाजणारे सूर त्यांच्याशी जुळतात की भांडतात यावर सगळं अवलंबून.

जॅझच्या त्रिकुटात पियानोवाला डाव्या हाताने तळाचा सूर बहुतेक वेळा वाजवतच नाही. पियानोवादक बिल इव्हान्सपासून तर ही पद्धतच पडून गेली. तो मधले दोन-तीन सूर ठेवतो आणि तळ बेसवर सोडतो. म्हणजे पियानोवाल्याने वाक्य लिहायचं आणि क्रियापद बेसवाल्याने घालायचं.

यातली सर्वांत धीट खेळी पेटीवरच पाहता येते. उजव्या हाताने फक्त ग आणि कोमल नी दाबा. या दोन सुरांत ताण आहे, त्यांना कुठेतरी जाऊन मिटायचं आहे. खाली मंद्र सा दिला तर ती एक कॉर्ड होते आणि तिला शुद्ध मवर उतरावंसं वाटतं. आता साच्या जागी मंद्र तीव्र म द्या. हा सूर सापासून सप्तकाच्या बरोबर निम्म्या अंतरावर आहे. ग आणि कोमल नी त्याच्याशीही तितकेच जुळतात, वेगळ्या नात्याने. कॉर्ड बदलली, नाव बदललं, रंग गडद झाला, पण उतरायचं ठिकाण तेच राहिलं, शुद्ध म. फरक एवढाच, की आता तळाचा सूर अर्ध्या स्वराने घसरून तिथे पोहोचतो. वरच्या दोन सुरांना हातही न लावता, पियानोवाल्याला न विचारता बेसवादक ही अदलाबदल करू शकतो. पियानोवाल्याने ती ऐकली तर पुढच्या क्षणी तो आपले सूर त्या नव्या रंगाला साजेसे करतो. नाही ऐकली तरी काही बिघडत नाही, कारण त्याचे सूर आधीच बरोबर ठरलेले असतात. बेसवादकाच्या हातात हुकूम असतो तो असा.

चार पावलं

बेसच्या त्या एकसारख्या चालीला 'वॉकिंग' म्हणतात. चार मात्रांचा एक बार, आणि प्रत्येक मात्रेला एक सूर. ऐकायला सोपी वाटणारी ही चाल जागच्या जागी रचली जाते. लिहून आणलेली नसते.

रचना साधारण अशी. बारच्या पहिल्या मात्रेवर बहुधा चालू कॉर्डचा तळ. मधल्या दोन मात्रांवर त्याच कॉर्डचे सूर किंवा त्यांच्यामधून जाणारी वाट. चौथ्या मात्रेवर असा सूर, जो पुढच्या कॉर्डच्या तळाकडे ढकलेल. 'सा'वरून 'म'वर जायचं असेल तर सा, ग, प, तीव्र म, आणि पुढच्या बारच्या पहिल्या मात्रेवर म. यातला तीव्र म स्वतः कुठल्याही कॉर्डचा नसला तरी चालतो. तो 'म'ला खेटून उभा आहे एवढंच त्याचं काम. त्याने कान असा ओढला जातो, की म आल्यावर तो आलाच पाहिजे होता असं वाटतं. पियानोवाल्याने आपली कॉर्ड वाजवायच्या एक मात्रा आधीच बेसने ती जाहीर केलेली असते.

आपल्याकडच्या श्रोत्याला हे सगळं तबल्याच्या ठेक्यावरून लगेच कळेल. जॅझची चीजही आवर्तनातच फिरते. 'ब्लूज' या साच्यात बारा बार म्हणजे ४८ मात्रांचं आवर्तन, बऱ्याच जुन्या गाण्यांत ३२ बारांचं. तिघेही ते मनात धरून असतात, आणि पियानोवाला कितीही दूर भटकला तरी समेला कुठे यायचं हे त्याला बेस सांगतो. फक्त हा ठेका सुरांचा आहे. तबल्याच्या बोलांवरून आपण आवर्तनात कुठे आहोत हे कळतं, बेसच्या सुरांवरून ते कळतंच आणि वर चालू स्वरांचा अर्थही कळतो.

या अल्बममध्ये पहिली मोठी चीज 'फ्राइड पाइज' ही गिटारवादक वेस माँटगोमेरीची ब्लूज आहे. सुरुवातीच्या श्रोत्याने तिथूनच सुरू करावं, कारण ४८ मात्रांचं आवर्तन तीन-चार वेळा बोटांवर मोजलं की समेची जागा अंगवळणी पडते. मग 'चेरोकी'कडे वळावं. इंग्लिश बँडमास्टर रे नोबलने १९३८ मध्ये रचलेलं हे गाणं, आणि जॅझवाल्यांसाठी गेली कित्येक दशकं परीक्षेचा पेपर. आवर्तन नेहमीपेक्षा दुप्पट, ६४ बारांचं, म्हणजे २५६ मात्रा. त्यात मधल्या सोळा बारांत सा बदलतो. आधी अर्ध्या स्वराने वर उडी मारतो, आणि मग दर चार बारांनी एकेक पूर्ण स्वर खाली उतरत जातो. ज्याचा सा मैफिलभर जागचा हलत नाही अशा आपल्या कानाला हा भाग पाय निसटल्यासारखा वाटतो. सॅक्सोफोनवादक चार्ली पार्करने १९४५ मध्ये याच कॉर्डांवर 'को-को' बांधली आणि त्यानंतर 'चेरोकी' जलद वाजवणं हा जणू रिवाजच झाला. मिनिटाला ३०० मात्रा धरल्या तर २५६ मात्रांचं आवर्तन ५१ सेकंदांत संपतं. तेवढ्या वेळात बेसवादकाला २५६ सूर निवडायचे असतात, पडदे नसलेल्या वाद्याच्या जाड तारांवर.

आणि मग त्याने स्वतः सोलो वाजवायचा. इथे बेसवादक पुढाऱ्याची खरी अडचण कळते. पियानोवाला सोलो घेतो तेव्हा खाली बेस असतो. बेसवादक सोलो घेतो तेव्हा खाली कोणीच नसतं. ठेका धरणाराच उठून गायला लागलेला. म्हणून अशा वेळी ड्रमवाला पायाने वाजणारी झांज दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर तेवढी ठेवतो, पियानो दोन-चार तुटक कॉर्डांपुरता उरतो, आणि आवर्तन तिघांच्या डोक्यात चालू राहतं. श्रोत्यालाही ते स्वतःच मोजावं लागतं. बेसच्या सोलोला लोक कंटाळतात असं म्हणतात, पण माझ्या मते त्यांना कंटाळा सोलोचा नसतो, हातातली दोरी सुटल्याचा असतो. मॅकब्राइडला याच 'चेरोकी'तल्या सोलोसाठी सर्वोत्तम उत्स्फूर्त जॅझ सोलोचा ग्रॅमी पुरस्कार २०१६ मध्ये मिळाला.

लयीतही बेसची एक गुप्त सत्ता आहे. ड्रमवाल्याची झांज आणि बेसचा टक् हे एकाच वेळी पडायला हवेत असं वाटतं, प्रत्यक्षात ते काही मिलिसेकंद पुढे-मागे असतात. बेस किंचित पुढे असेल तर लय वाढलेली नसतानाही गाडी उताराला लागल्यासारखी वाटते. किंचित मागे असेल तर सगळं ऐसपैस, सैलावलेलं. बेसवादक रे ब्राउन हा पुढे राहणाऱ्यांतला. त्याच्या कोणत्याही रेकॉर्डिंगमध्ये ती ओढ जाणवते, आणि मॅकब्राइडने त्याच्या सोबत तीन बेसवादकांच्या 'सुपर बेस' या संचात वाजवलेलं आहे.

नाव कोणाचं

त्रिकुटाला पियानोवाल्याचं नाव, हा जॅझमधला जुना शिरस्ता. बेसवादक त्याच्या आत राहूनच मोठे झाले. ड्यूक एलिंग्टनच्या बँडमध्ये जिमी ब्लँटन १९३९ मध्ये आला, १९४० मध्ये एलिंग्टनने त्याच्यासोबत फक्त पियानो आणि बेस अशी युगलवादनं रेकॉर्ड केली, आणि १९४२ मध्ये क्षयाने वयाच्या तेविसाव्या वर्षी ब्लँटन गेला. एवढ्या थोड्या काळात बेस हे गाऊ शकणारं वाद्य आहे हे त्याने सिद्ध करून ठेवलं होतं.

दुसरा मोठा टप्पा याच व्हिलेज व्हॅनगार्डमधला. २५ जून १९६१, रविवार. बिल इव्हान्स पियानोवर, पॉल मोशन ड्रम्सवर, स्कॉट लाफारो बेसवर. दुपारी दोन आणि संध्याकाळी तीन अशा पाच बैठका रेकॉर्ड झाल्या. पहिल्याच चिजेत मध्येच वीज गेली, तो तुटलेला तुकडासुद्धा पुढे संपूर्ण संचात छापला गेला. लाफारो तिथे चार पावलांची चाल फारशी धरतच नाही. तो पियानोला मध्येच उत्तर देतो, त्याच्या वर चढतो, गप्प बसतो, परत बोलतो. ठेका कोणीच उघड धरत नाही आणि तरी सम चुकत नाही. या रविवारनंतर अकरा दिवसांनी, ६ जुलैला, लाफारो मोटार अपघातात मरण पावला. तेव्हा तो पंचवीस वर्षांचा होता. मग 'संडे ॲट द व्हिलेज व्हॅनगार्ड' हा अल्बम काढताना इव्हान्सने लाफारो उठून दिसेल अशाच चिजा निवडल्या, आणि सुरुवात व शेवट दोन्ही लाफारोच्या स्वतःच्या रचनांनी केला. नाव पियानोवाल्याचं असलेला बेसवादकाचा अल्बम असं त्याला खुशाल म्हणावं.

नाव बेसवादकाचं आणि बैठक लाइव्ह, असे अल्बम मुख्यतः त्यानंतरचे. रे ब्राउनने ऑस्कर पीटरसनच्या त्रिकुटात दीड दशक काढलं आणि मग १९८०च्या दशकापासून स्वतःच्या नावाचं त्रिकूट घेऊन तो जपानपासून बोस्टनपर्यंत लाइव्ह रेकॉर्ड करत राहिला. त्याचा 'लाइव्ह ॲट स्कलर्स' १९९६ मधला. चार्ली हेडनला १९८९ च्या माँट्रियल जॅझ महोत्सवाने आठ संध्याकाळी बहाल केल्या, रोज वेगळे साथीदार, आणि त्यांतली काही त्रिकुटं होती. बेसवादकाला पुढारी केलं की मैफलीत काय बदलतं हे त्या रेकॉर्डिंगमधून फार छान कळतं. पियानोवाले बदलत जातात, ज्याच्या खांद्यावर ते उभे राहतात तो तोच असतो.

बेस पकडायचा कसा

क्लबातल्या तीन वाद्यांपैकी बेस सर्वांत हळू. त्याच्यासमोरचा माइक मोठा करावा लागतो, आणि मोठा केला की त्यात दीड मीटरवरची झांज बेसपेक्षा जास्त शिरते. मग जो काही बेस मिळतो तो झांजेत बुडवलेला. यावर दोन उपाय. एक, बेसच्या घोडीपाशी किंवा पोटाच्या फटीपाशी अगदी जवळ लहान माइक लावायचा, कधी तो फोममध्ये गुंडाळून घोडीखाली खोचून द्यायचा. दुसरा, घोडीत पिकअप बसवायचा. त्यात असा स्फटिक असतो, ज्याच्यावर दाब पडला की वीज निर्माण होते. तो हवेतला आवाज ऐकतच नाही, लाकडाचा थरार ऐकतो, म्हणून झांज जवळजवळ आत येत नाही. पण लाकडी खोक्याचा श्वासही येत नाही, सूर रबरी वाटतो. बरेच ध्वनिमुद्रक दोन्ही घेतात आणि मिसळतात. मिसळताना एक मेख आहे. आवाज हवेतून मीटरभर जायला सुमारे तीन मिलिसेकंद घेतो, पिकअपला तो वेळ लागत नाही. दोन प्रती एकमेकींच्या पुढे-मागे पडल्या तर काही नाद परस्परांना खाऊन टाकतात आणि बेस पोकळ होतो. म्हणून एका प्रतीला तेवढं मागे सरकवून दोन्ही जुळवाव्या लागतात.

बेस पकडणं किती अवघड, याचा सगळ्यांत चटका लावणारा दाखला १५ मे १९५३ चा. टोरांटोच्या मॅसी हॉलमध्ये चार्ली पार्कर, डिझी गिलेस्पी, बड पॉवेल, मॅक्स रोच आणि बेसवर चार्ल्स मिंगस असा संच वाजला. रेकॉर्डिंग काढणारी 'डेब्यू' कंपनी मिंगस आणि रोच यांचीच. ऐकून पाहिलं तर मिंगसचा बेस जवळजवळ ऐकूच येईना. मग मिंगसने स्टुडिओत बसून त्या टेपवर बेस पुन्हा वाजवला आणि रेकॉर्ड त्याच रूपात बाजारात आली. जॅझच्या इतिहासातल्या एका गाजलेल्या लाइव्ह मैफलीचा तळ असा मागाहून घातलेला आहे. हे कळल्यावर मला ती रेकॉर्ड कमी खरी वाटली नाही. उलट बेस काढून घेतला तर मैफल उभी राहत नाही, याचा पुरावा खुद्द मालकाने दिला असंच वाटलं.

खोलीचाही वाटा मोठा असतो. समोरासमोरच्या भिंतींमध्ये लहरीची अर्धी लांबी नेमकी बसली की तो सूर खोलीत घोंघावतो. ४१ हर्ट्झसाठी ते अंतर सव्वाचार मीटरच्या आत-बाहेर येतं, म्हणजे साध्या दिवाणखान्याएवढं. म्हणून छोट्या चौकोनी हॉलमध्ये बेसचा एक सूर अंगावर येतो आणि शेजारचा गायब होतो. व्हिलेज व्हॅनगार्ड १९३५ पासून सेव्हन्थ अव्हेन्यू साउथवरच्या एका तळघरात आहे. त्याआधी तिथे दारूबंदीच्या काळातला चोरटा गुत्ता होता, त्याचं नावच 'गोल्डन ट्रँगल', कारण जागा त्रिकोणी. भिंती एकमेकींना समांतर नसल्यामुळे त्यांच्यातलं अंतर सगळीकडे सारखं राहत नाही, आणि एकाच सुराची घुमघुम माजण्याला आळा बसतो. छत बुटकं, खुर्च्या १२३, आणि भरलेल्या क्लबातले लोक, त्यांचे कपडे हे वरचे तीक्ष्ण नाद शोषून घेतात. रंगमंच निमुळत्या टोकाला. श्रोता फार लांब बसूच शकत नाही.

इथलं पहिलं गाजलेलं लाइव्ह रेकॉर्डिंग ३ नोव्हेंबर १९५७ चं, सॅक्सोफोनवादक सनी रॉलिन्सचं. त्यात पियानोच नव्हता. फक्त सॅक्सोफोन, बेस आणि ड्रम्स. पियानो नाही म्हटल्यावर कॉर्ड सांगणारा बेस एकटाच, आणि त्या दिवशी विल्बर वेअरने थोडक्या सुरांत ती जबाबदारी कशी पेलली हे ऐकण्यासारखं आहे.

चिजांची निवड

पुढारी असण्याचा आणखी एक भाग वाजवण्याच्या आधीच उरकलेला असतो : काय वाजवायचं. मॅकब्राइडचा जन्म १९७२ चा, फिलाडेल्फियाचा. वडील ली स्मिथ तिथल्या सोल संगीतात बेस गिटार वाजवायचे, आजोळकडचे एक आजोबा बेसवाले. नवव्या वर्षी त्याच्या हातात बेस गिटार आली, आणि दोनेक वर्षांनी डबल बेस. पुढे शेकडो अल्बमांत दुसऱ्यांच्या मागे वाजवून झाल्यावर जेव्हा स्वतःचं त्रिकूट घेऊन तो व्हॅनगार्डच्या पायऱ्या उतरला, तेव्हा त्याने 'चेरोकी' आणि 'गुड मॉर्निंग हार्टेक'सारख्या जुन्या चिजांच्या जोडीला मायकेल जॅक्सनच्या 'थ्रिलर'मधलं 'द लेडी इन माय लाइफ' ठेवलं, 'डाउन बाय द रिव्हरसाइड' हे कृष्णवर्णीयांचं जुनं भक्तिगीत ठेवलं, आणि शेवटी 'कार वॉश', रोझ रॉइसचं १९७६ चं नाचाचं गाणं.

जॅझच्या सोवळ्या श्रोत्यांना ही शेवटची निवड खटकू शकते. पण सोल आणि फंक या प्रकारांत गाण्याची ओळखच बेसच्या ओळीवरून पटते. शब्द विसरले तरी ती ओळ राहते, आणि लोक नाचतात ते तिच्यावर. पियानोवाल्याने त्रिकूट चालवलं असतं तर त्याने बहुधा अशा गाण्यांपासून सुरुवात केली असती, ज्यांत कॉर्ड भरपूर आहेत आणि उजव्या हाताला फिरायला रान मोकळं आहे. बेसवाला पुढारी असला की निवड तळापासून होते. आधी खालची ओळ, मग तिच्यावर काय काय उभं राहू शकतं ते सँड्स आणि ओवेन्सने पाहायचं.